फुकटचा जासूद

धुळ्याच्या राजवाडे संशोधन मंडळांत जुन्या कागदांचीं दप्तरें जपून ठेविलेलीं आहेत. इतिहासाचार्य विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनीं गांवोगांव पायपीट करून, कोणाच्या माळ्यावरून तर कोणाच्या अडगळींतून, असे कागद जमविण्यांत जन्म वेंचला. त्यांच्या 'मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें' ह्या मालेचा पहिला खंड १८९८ सालीं निघाला, आणि ३१ डिसेंबर १९२६ रोजीं धुळ्यासच त्यांचा देह पडला.

अशा जुन्या पत्रांपैकीं पुष्कळशीं एकाच माणसाच्या डोळ्यांसाठीं लिहिलेलीं असत. मजकूर संपला, मोर्तब झालें, लखोटा बंद होऊन जासुदाच्या हातीं पडला, कीं लिहिणारा निश्चिंत होई. आपली अडचण, आपलें कर्ज, आपल्या घरांतील भाऊबंदकी पुढें दीडशें-दोनशें वर्षांनीं छापून निघेल, हें त्याच्या स्वप्नींही नसे. आणखी एक गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे. पत्राचा मजकूर वाळवीनें खाल्ला असला, तरी तें कोणीं कोणास पाठविलें, कोठून निघालें आणि केव्हां पोंचलें, एवढें शिल्लक राहिल्यास चाणाक्ष संशोधक त्यावरून पुष्कळ कांहीं ताडूं शकतो. पत्र पोंचल्याची तारीख त्यावर टिपून ठेवीत; तिला पैवस्ती म्हणत. आजच्या मोबाइलवर संदेशाखालीं उमटणाऱ्या दोन खुणा ही त्या पैवस्तीचीच नवी आवृत्ति होय.

जासूद म्हणजे निरोप पोंचविणारा, आणि जासूस म्हणजे हेर. हे दोन शब्द मूळचे एकाच घराण्यांतले. ज्याच्या हातीं निरोप द्यावयाचा त्याच्यावर नजर ठेवणें अवश्य आहे, हें शहाणपण त्या शब्दांतच सांठविलेलें आहे. आजचा जासूद तर मोठा विलक्षण आहे. तो क्षणांत अमेरिकेस जातो, दिवसांतून शंभर खेपा घालतो, चित्रें नेतो, आवाज नेतो, आणि दाम म्हणून एक पैही मागत नाहीं. जळगांवची आजी नातवाचें मुख पाहते, रावेरचा बागाईतदार केळींचा भाव विचारतो, शाळेची सूचना, वैद्याची चिठ्ठी, लग्नाचें निमंत्रण, सर्व कांहीं याच्याच हातीं जातें. तेव्हां हा जासूद पोटाला काय खातो, हा प्रश्न प्रत्येक सुजाण कुटुंबानें एकदां तरी विचारावयास हवा.

आपल्या देशांत १ जुलै १८७९ रोजीं पोस्टकार्ड सुरू झालें, तेव्हां त्याची किंमत पाव आणा होती. सौदा उघड होता. पाठविणारानें पाव आणा द्यावा, सरकारनें कार्ड पोंचवावें. मजकूर वाटेंत कोणीही वाचूं शके, पण हें सर्वांस ठाऊक असे. म्हणून घरांतील नाजूक गोष्ट कोणी कार्डावर लिहीत नसे. तिच्यासाठीं अधिक पैसे देऊन पाकीट घेत. आजच्या निरोप्यांपैकीं आपल्याकडे सर्वांत अधिक प्रचारांत असलेला जो व्हॉट्सअ‍ॅप, तो २००९ सालीं निघाला. आरंभीं कांहीं वर्षें त्याची वार्षिक वर्गणी एक डॉलरच्या घरांत होती. २०१४ सालीं फेसबुक कंपनीनें (जिचें नांव २०२१ पासून मेटा आहे) तो सुमारें १९ अब्ज डॉलर्सना विकत घेण्याचें जाहीर केलें, आणि जानेवारी २०१६ मध्यें वर्गणी उठविण्यांत आली. एवढी अवाढव्य रक्कम ओतून घेतलेली वस्तु लोकांस फुकट वांटावयाची, ह्यांत धर्मादाय नाहीं, व्यापार आहे. व्यापाऱ्यांना गिऱ्हाइकांशीं बोलतां यावें म्हणून कंपनी त्यांच्याकडून पैसे घेते. जाहिरातीवरून थेट संभाषणांत उतरण्याची सोय विकते. आणि जून २०२५ मध्यें तर खुद्द व्हॉट्सअ‍ॅपच्या एका दालनांत जाहिराती दाखविण्याचें तिनें जाहीर केलें. जाहिरात नेमक्या माणसापुढें मांडावयाची, तर माणसाची ओळख हवी. त्या ओळखीलाच येथें मोल आहे.

येथें कंपनीच्या बाजूचीही एक गोष्ट न्यायानें सांगितली पाहिजे. एप्रिल २०१६ पासून ह्या निरोप्यानें सर्व खासगी संदेशांस कुलूप घातलें आहे. ह्यास एंड-टु-एंड एन्क्रिप्शन, म्हणजे दोन्ही टोकांचें कुलूप, असें म्हणतात. त्याची कल्पना अशी करावी. प्रत्येक माणसानें उघड्या स्थितींतलीं कुलपें चावडीवर ठेवून दिलीं आहेत. किल्ली मात्र त्याच्या स्वतःच्या कनवटीला आहे. ज्याला त्याच्याकडे पेटी पाठवावयाची त्यानें चावडीवरचें एक कुलूप उचलावें, पेटीला लावावें आणि पेटी पाठवून द्यावी. कुलूप लावणें कोणासही साधतें. उघडणें एकट्या किल्लीवाल्यास. वाटेंतील हमाल, चावडीचा कारकून, खुद्द पेट्या वाहणारी कंपनी, कोणालाही आंतील वस्तु दिसत नाहीं. प्रत्यक्षांत ह्या किल्ल्या म्हणजे प्रचंड संख्या असतात, आणि खासगी किल्ली मोबाइलच्या पोटांतच राहते. म्हणून 'कंपनी आमचे सर्व संदेश बसून वाचते' अशी जी भीति पुष्कळ घरांतून व्यक्त होते, ती जशीच्या तशी खरी नव्हे.

परंतु पेटीला कुलूप असलें म्हणून पेटीवरचा पत्ता झांकला जात नाहीं. संदेश कोणाचा, कोणास, किती वाजतां, किती वेळां, कोणत्या जाळ्यावरून, कोणत्या बनावटीच्या मोबाइलवरून, कोणत्या गटांतून, ही सारी पाकिटावरची माहिती कंपनीच्या हातून जात असते. तिला इंग्रजींत मेटाडेटा म्हणतात. ही क्षुल्लक वाटते, परंतु ती मजकुराहून कमी बोलकी नाहीं. एक कल्पित उदाहरण घ्यावें. जळगांवांतील एक गृहस्थ रात्रीं दहा वाजतां कर्करोगाच्या डॉक्टरांशीं बोलतात. सव्वादहाला पुण्याच्या बहिणीशीं एक तासभर बोलतात. दुसऱ्या दिवशीं सकाळीं सराफाला तीन संदेश पाठवितात. दुपारीं शाळेंत शिकणाऱ्या मुलाच्या वसतिगृहाला एक. ह्यांतील एकही शब्द कोणीं वाचलेला नाहीं. तरी त्या घरावर काय ओढवलें आणि घरांतील सोनें कोठें चाललें, हें सांगावयास ज्योतिषी नको. राजवाडे ज्या कसबानें जुने कागद बोलते करीत, तें कसब आज यंत्राला साधलेलें आहे, आणि तें मेलेल्यांवर न चालतां जिवंतांवर चालतें.

दुसरी गोष्ट नामावळीची. असें ॲप बसवितांना तें मोबाइलमधील सर्व नांवें व क्रमांक पाहण्याची परवानगी मागतें. घाईनें 'होय' म्हणणारा मनुष्य स्वतःपुरतें होय म्हणतो असें त्यास वाटतें. वस्तुतः तो भाचीचा, शेजाऱ्याचा, वकिलाचा, कामवाल्या बाईचा क्रमांक त्यांना न विचारतां हवालीं करीत असतो. आणि त्यांतील कित्येकांनीं तें ॲप आयुष्यांत घेतलेलेंही नसतें. आपल्या घरचें दार उघडें टाकण्याचा अधिकार ज्याचा त्याला आहे. शेजाऱ्याच्या दाराची कडी काढण्याचा नाहीं.

ह्या ओळखीचा उपयोग कसा व्हावा, ह्यावर आपल्या देशांत दहा वर्षें वाद चालू आहे. ऑगस्ट २०१६ मध्यें व्हॉट्सअ‍ॅपनें आपले नियम बदलून कांहीं माहिती फेसबुकला देण्याचें ठरविलें. त्या वेळीं जुन्या ग्राहकांस जाहिरातीच्या कामीं ती न देण्याची निवड ठराविक मुदतीपुरती तरी दिलेली होती. जानेवारी २०२१ मध्यें नवे नियम आले, तेव्हां ती निवड नव्हती. मान्य करा, नाहींतर चालते व्हा, असा त्यांचा मतलब होता. देशभर गिल्ला झाला. भारतीय स्पर्धा आयोगानें चौकशी करून १८ नोव्हेंबर २०२४ रोजीं मेटा कंपनीस २१३.१४ कोटी रुपये दंड केला, आणि जाहिरातीसाठीं ही माहिती आपल्या इतर कंपन्यांस पांच वर्षें देऊं नये असेंही फर्माविलें. कंपनीनें अपील केलें. नोव्हेंबर २०२५ मध्यें अपील न्यायाधिकरणानें दंड कायम केला, पांच वर्षांची मनाई मात्र काढून टाकली. आयोगाच्या म्हणण्याचें सार सामान्य माणसाच्याही अनुभवाचें आहे. ज्या ठिकाणीं आपले सर्व आप्त, गिऱ्हाईक आणि शाळामास्तर एकाच चावडीवर बसलेले असतात, तेथून 'उठून जाण्याची मोकळीक' ही नांवाचीच मोकळीक होय. अशा स्थितींत घेतलेल्या संमतीला संमति म्हणणें कठीण आहे.

तिसरी गोष्ट टोकांची. दोन्ही टोकांचें कुलूप वाटेंत राखण करतें; टोकाला पेटी उघडतेच. सप्टेंबर २०२० मध्यें मुंबईंतील एका तपासाच्या वेळीं कित्येकांचीं जुनीं खासगी संभाषणें दूरचित्रवाणीवर मोठ्यानें वाचलीं गेलीं. तेव्हां 'मग कुलूप कसलें?' असा प्रश्न घरोघर निघाला. त्याचें उत्तर साधें आहे. मोबाइल एकदां दुसऱ्याच्या हातीं गेला, किंवा त्याची नक्कल उतरली गेली, कीं कुलूप फोडण्याची गरजच राहत नाहीं. मोबाइलमधील संभाषणाची एक प्रत पुष्कळदां गूगल वा ॲपल यांच्या दूरच्या सांठ्यांत आपोआप जात असते. त्या प्रतीलाही कुलूप लावण्याची सोय २०२१ च्या अखेरीस आली. पण ती ज्यानें त्यानें स्वतः चालू करावी लागते. लग्नसराईंत तर ठकांनीं आणखी एक युक्ति काढली आहे. लग्नपत्रिका म्हणून एक फाईल येते; तिच्या नांवाच्या शेवटीं 'एपीके' अशीं अक्षरें असतात. ती पत्रिका नसून एक ॲप असतें. तें बसविणारा मनुष्य आपल्या हातानें चोराला माजघरांत आणून बसवितो, आणि मग बँकेचे गुप्त अंक चोर घरबसल्या वाचतो.

आतां ह्या विषयाच्या सर्वांत दुःखद अंगाकडे वळलें पाहिजे. आणि तें खानदेशाच्याच भूमीवर घडलें आहे. रविवार, १ जुलै २०१८. धुळें जिल्ह्याच्या साक्री तालुक्यांत राईनपाडा येथें आठवड्याचा बाजार भरला होता. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पांच भटके, भिक्षेवर पोट भरणारे पुरुष तेथें आले. त्यांपैकीं बहुतेक सोलापूर जिल्ह्यांतील मंगळवेढें भागाचे. मुलें पळविणारी टोळी हिंडत आहे, अशा अफवा त्याआधीं कित्येक दिवस मोबाइलवरून पसरत होत्या. बाजारांतील जमावाला हेच ते लोक असें वाटलें. त्यांना मारीत ग्रामपंचायतीच्या कचेरींत कोंडण्यांत आलें, आणि पांचही जण तेथें मारले गेले. त्याच दिवशीं मालेगांवीं अशाच संशयावरून एका लहान मुलासह पांच जणांवर जमाव चालून गेला. पोलिसांनीं त्यांस वांचविलें. त्या वर्षीं देशभर भीति पसरविणाऱ्या चित्रफितींपैकीं एक तर कराचींतील बालसंरक्षणाच्या जाहिरातींतून कापलेली होती. मुलांना जपा असें सांगण्यासाठीं केलेलें चित्र, त्याचा शेवट छाटून, माणसें मारण्याच्या कामीं आलें.

ह्या हत्याकांडानंतर सरकारनें कंपनीस विचारलें, कीं ही अफवा प्रथम कोणीं सोडली तें सांगा. कुलुपामुळें सांगतां येत नाहीं, असें कंपनीचें उत्तर होतें. पुढें २५ फेब्रुवारी २०२१ रोजीं नवे नियम निघाले. न्यायालयाचा किंवा अधिकृत सरकारी हुकूम आल्यास, गंभीर गुन्ह्यांच्या बाबतींत, संदेशाचा पहिला कर्ता शोधून देतां आला पाहिजे, असें बंधन त्यांनीं मोठ्या निरोप्या कंपन्यांवर घातलें. व्हॉट्सअ‍ॅपनें मे २०२१ मध्यें त्याविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयांत दाद मागितली. आणि कुलूप मोडावयास लावल्यास आम्हांस ह्या देशांतून जावें लागेल, असें तिच्या वकिलांनीं एप्रिल २०२४ मध्यें त्या न्यायालयांत सांगितलें.

दोन्ही बाजू सहज झटकून टाकण्यासारख्या नाहींत. ज्यांचे कर्ते पुरुष राईनपाड्याहून परत आले नाहींत, त्या घरांनीं 'ही आग कोणीं लावली?' असें विचारलें, तर कुलुपाची महती सांगून त्यांचें समाधान होणार नाहीं. पण नियमाचा परिणामही पाहिला पाहिजे. कोणता संदेश उद्यां गुन्ह्याचा ठरेल हें आज ठाऊक नसतें. म्हणून एका अपराध्याचा माग काढतां यावा यासाठीं कोट्यवधि निरपराध्यांच्या प्रत्येक संदेशावर आधींच खूण करून ठेवावी लागेल. शिवाय त्याच नियमांत म्हटलें आहे, कीं मूळ कर्ता परदेशीं असेल, तर भारतांत ज्यानें तो संदेश प्रथम पाठविला तोच पहिला कर्ता धरावा. म्हणजे कराचीच्या चित्रफितीचा खरा छाटणारा बाजूसच राहून, भाबडेपणानें ती पुढें ढकलणारी एखादी घाबरलेली आईही त्या जागीं उभी राहूं शकेल.

ह्या पेचांतून निघालेला एक उपाय मात्र लक्षांत ठेवण्यासारखा आहे. राईनपाड्यानंतर त्याच जुलै महिन्यांत व्हॉट्सअ‍ॅपनें भारतापुरती मर्यादा घातली, कीं एक संदेश एका वेळीं पांचांहून अधिक ठिकाणीं पुढें धाडतां येऊं नये. पुढें जानेवारी २०१९ मध्यें ती सर्व जगाला लागू केली. आणि एप्रिल २०२० पासून फार हिंडलेला संदेश एका वेळीं एकाच ठिकाणीं धाडतां येतो. ह्या उपायानें कोणाचा लखोटा उघडला नाहीं. जासुदाची धांव तेवढी आवरली. खासगीपणा राखून सार्वजनिक हित साधतां येतें, ह्याचें हें एक उदाहरण होय. तें पांच बळींनंतर सुचलें, ही मात्र लाजेची गोष्ट.

पत्रें उघडण्याचा सरकारचा अधिकार नवा नाहीं. १८९८ च्या पोस्ट ऑफिस कायद्यांत तो होता, आणि त्याच्या जागीं आलेल्या २०२३ च्या कायद्यांतही आहे. नवें आहे तें नागरिकाच्या बाजूचें वजन. २४ ऑगस्ट २०१७ रोजीं सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनीं एकमतानें असा निकाल दिला, कीं खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. त्यानंतर २०२३ सालीं वैयक्तिक माहितीच्या संरक्षणाचा कायदा झाला. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्यें प्रसिद्ध झाले, आणि कंपन्यांवरील मुख्य बंधनांस त्यांत अठरा महिन्यांची मुदत दिलेली आहे. संमति स्पष्ट शब्दांत मागावी आणि दिलेली संमति परत घेतां यावी, हें त्यांतील तत्त्व होय. तरी सरकारला त्यांत दिलेल्या सवलती विस्तृत आहेत, अशी टीका झालेली आहे, आणि ती विचारांत घेण्याजोगी आहे.

दुसरा निरोप्या निवडावा काय, असाही प्रश्न पुष्कळ विचारतात. सर्व निरोपे सारखे नाहींत. टेलिग्रामवरील साधीं संभाषणें दोन्ही टोकांच्या कुलुपांत नसतात. त्यासाठीं 'गुप्त संभाषण' मुद्दाम निवडावें लागतें. सिग्नल हा निरोप्या लोकांच्या देणग्यांवर चालतो आणि पाकिटावरची माहितीही जवळजवळ ठेवीत नाहीं. २०१६ सालीं अमेरिकेंत न्यायालयीन हुकमानें त्याच्याकडे माहिती मागितली, तेव्हां खातें केव्हां उघडलें आणि शेवटीं केव्हां जोडलें गेलें, ह्यापलीकडे देण्यासारखें त्याच्यापाशीं कांहीं निघालें नाहीं. न सांठविलेलें कोणालाही देतां येत नाहीं, हा ह्यांतील धडा होय. पण सर्व सोयरे एका जासुदाशीं बांधलेले असतां एकट्यानें दुसरा धरणें अवघड जातें, हेंही खरें.

तोंवर घरच्या घरीं करण्यासारख्या गोष्टी थोड्या आहेत, पण उपयोगी आहेत. संभाषणाच्या सांठविलेल्या प्रतीस कुलूप लावावें. दुसऱ्या पायरीचा गुप्त अंक ठरवून ठेवावा. आपलें खातें आणखी कोणत्या संगणकाला जोडलेलें आहे, तें महिन्यांतून एकदां पाहावें. गटांत कोणीं घालावें, हें आपल्या हातीं ठेवावें. आधार कार्डाचें किंवा बँकेच्या पुस्तकाचें चित्र गटांत कदापि टाकूं नये. लहान मुलांचीं छायाचित्रें टाकण्यापूर्वीं तीं उद्यां मोठीं होणार आहेत, हें आठवावें. अनोळखी फाईल उघडूं नये. आणि फसगत होऊन पैसे गेलेच, तर लाज न बाळगतां तत्काळ १९३० ह्या क्रमांकावर कळवावें. आणि ज्या संदेशाच्या शेवटीं 'सर्वांना पाठवा' असें लिहिलेलें असेल, तो नेमका आपल्यापाशीं थांबवावा.

ह्यांतील शेवटची गोष्ट सर्वांत सोपी आणि सर्वांत महत्त्वाची. कुलूप कंपनी घालील, नियम सरकार करील, निवाडा न्यायालय देईल. परंतु पुढें धाडण्याचा अंगठा घराघरांतील माणसाचा आहे. राईनपाड्याच्या बाजारांत पोंचलेली अफवा कोणा एका दुष्टानेंच सर्वत्र नेली नव्हती. ती ठिकठिकाणच्या भल्या माणसांनीं, मुलांच्या काळजीपोटीं, एकेक पाऊल पुढें नेली होती. पत्र लिहून झाल्यावर मोर्तब करण्यापूर्वीं तें एकवार वाचून पाहण्याची जुन्या कारकुनांची रीत होती. फुकटच्या जासुदाच्या हातीं कांहीं देण्यापूर्वीं तेवढाच वेळ थांबलें, तर आपलें घर झांकलेलें राहील, आणि दुसऱ्याचें घर उजाड होणार नाहीं.